सुलतानाबाईचे अकरा ते एक

ब्रह्मपुरीला लियाकतभाऊंचं वेल्डिंगचं दुकान होतं. दुकानामागच्या टिनाच्या शेडमध्ये त्यांनी १९९६ साली जिम काढली. जिम म्हणजे दोन बाक, एक उभा सांगाडा आणि गडचांदूरच्या भंगारातून आणलेल्या लोखंडी गोळ्यांना सळई जोडून केलेले डम्बेल्स. चिखलणीच्या ट्रॅक्टरची लोखंडी चाकं घडवणारा माणूस तो, त्याला हे किती अवघड! शेडच्या दाराशी एक कॅलेंडर टांगलेलं असे. रोज संध्याकाळी त्यांची बायको सुलताना त्या दिवसाच्या चौकटीत दोन आकडे लिहायची. सकाळी किती आले, संध्याकाळी किती आले. कोण आलं हे ती लिहीत नसे.

मी त्यांच्या समोरच्या घरात राहायची. तीस वर्षं झाडीपट्टीच्या रंगमंचावर नाचून, रडून, मरून झालं होतं. एका हंगामात मी साठ-सत्तर वेळा मरत असे. गुडघ्यांनी मात्र मला खरंच मारलं, तेव्हा मी रंग पुसला आणि ओसरीवर खुर्ची टाकली. त्या खुर्चीतून सुलतानाचा संसार मला पहिल्या रांगेतल्या प्रेक्षकासारखा दिसायचा.

तिला मी लहानपणापासून ओळखत होते. तिचे वडील मंडईत बांगड्यांचं दुकान मांडायचे. दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते, दिवसभर बाजार, रात्री नाटक. आमच्या शामियान्याच्या तोंडाशीच यांची पेटी उघडलेली असायची. दहा वर्षांची ही पोर पेटीमागे बसून बापाला हळूच सांगायची, "अब्बा, ती निळ्या लुगड्याची घेते. ती हिरवी नाई घेत." आणि तसंच व्हायचं. मी एकदा विचारलं, "तुला गं कसं कळतं?" ती म्हणाली, "हिरवी चालता चालता हो म्हनते. निळी उभी राहून नाई म्हनते."

तर ही मुलगी लग्न होऊन लियाकतभाऊंच्या घरी आली, फॉल-पिकोचं मशीन घेऊन बसली, आणि जिम निघाली तेव्हा कोणी न सांगता मोजू लागली. सात वर्षांची कॅलेंडरं तिने जपली होती. एकदा तिने ती माझ्या ओसरीवर पसरून दाखवली. मला आकड्यांत गती नाही, पण ती सांगायला लागली की नाटकासारखं दिसायचं.

"हे पाहा बाई, पोलीस भरतीची जाहिरात पेपरात आली की एकाहत्तर. भरती झाली की नऊ. हे जुलै, धानाची रोवणी लागली, शहरातली पोरंही मामाच्या शेतात. चौदा. अन् हे दिवाळी ते होळी. अकरा, दहा, अकरा. हे तुमच्यामुळं."

"माझ्यामुळं?"

"नाटकामुळं. पोरं रात्रभर नाटक पाह्यतात, सकाळी झोपतात. झोपलेला मानूस डम्बेल काय उचलते?"

आणखी एक हिशेब तिने फीच्या वहीवरून काढला होता. शंभर पोरं नव्याने आली, तर वर्षानंतर त्यांतली नऊ उरतात. एक पोरगा सरासरी सव्वादोन महिने टिकतो. लियाकतभाऊंना हे माहीत होतं आणि त्याचं त्यांना काही वाटत नसे. गेटं, ग्रिल यांवर घर चालायचं. जिम हा त्यांचा शौक होता.

शौकाचा धंदा करायचं ठरवलं त्यांच्या धाकट्या भावाने, अल्ताफने. तो गडचांदूरच्या एका कारखान्यात ठेकेदाराकडे फिटर होता. २००३ च्या पावसाळ्यात तो काम सोडून आला, सोबत नागपूरच्या एका मशीनवाल्याचं रंगीत पुस्तक घेऊन. मशीनवाल्याने त्याला गणित शिकवलं होतं. शहरात शंभर माणसांमागे दोघं जिमला जातात, म्हणजे ब्रह्मपुरीत सहाशे. सहाशे नको, अल्ताफ म्हणाला, दोनशे धरा.

पण पोरगा प्रामाणिक होता. दोनशे खरंच येतील का हे पाहायला त्याने कॉलेजच्या फाटकाशी, पानठेल्यांवर, बाजारात फिरून वही केली. प्रत्येकाला विचारायचं, "नवी जिम निघून राह्यली, मशीनवाली. येशील का?" दोनशे चौदा जणांनी हो म्हटलं. वही त्याने माझ्याही समोर नाचवली. मी ती मिटून त्याला परत दिली. आमच्या झाडीत तोंडावर कोणी कोणाला नाही म्हणत नाही हो. नाटकाचं आमंत्रण द्यायला गेलं तर आख्खं गाव "येतो जी, येतो" म्हणतं. म्हणून आमचे मालक गावाच्या शब्दावर कधी गेले नाहीत. शामियान्याबाहेर बैलबंड्या किती सुटल्या आणि सायकली किती लागल्या, हे पाहून ते गर्दीचा अंदाज बांधायचे.

मी अल्ताफला तसं म्हटलं. तो हसला. "बाई, तुमचा जमाना गेला. हे सर्व्हे आहे, सर्व्हे."

सुलताना एवढंच म्हणाली, "काढायचीच असंल तर होळीनंतर काढ. मंडईत नको."

ईद झाली आणि एक डिसेंबरला जिम उघडली. बस स्टँडच्या रस्त्यावर दुकानांच्या रांगेवरचा हॉल घेतला होता. सहा मशीनं आली, त्यांतला एक विजेचा चालायचा पट्टा, एक जागच्या जागी चालवायची सायकल. मशीनवाल्याशी बोलणं असं झालं होतं: एकतीस मार्चपर्यंत साठ मेंबर झाले, साठ जणांचे नाव-सहीचे फॉर्म भरले, तर मशीनं राहतील आणि पुढे हप्त्याने त्यांची होतील. साठ झाले नाहीत तर तो सहाही घेऊन जाईल. इकडे टिनाची शेड लियाकतभाऊंनी मोटर वाइंडिंगवाल्याला देऊन टाकली होती आणि अल्ताफची गडचांदूरची जागा दुसऱ्याने घेतली होती. मशीनं गेली तर हॉल जाणार, हॉल गेला तर जिमच राहणार नाही, हे घरात सगळ्यांना स्वच्छ दिसत होतं.

जानेवारी अर्धा सरला तेव्हा मेंबर एकोणीस होते.

अल्ताफ वही घेऊन पुन्हा फिरला. जो भेटेल तो म्हणे, "येतो नं भाऊ, या सोमवारपासून पक्कं." एका संध्याकाळी तो माझ्या ओसरीवर येऊन बसला, वही मांडीवर, तोंड एवढंसं. तिथेच लियाकतभाऊ आणि सुलताना माझ्याकडे चहा घेत होते.

लियाकतभाऊ म्हणाले, "जाऊ दे. नेतील तर नेतील. लोखंड माह्यापाशी आहे."

"लोखंड ठेवाल कुठी?" सुलताना म्हणाली. "शेड तर देली." मग कप खाली ठेवून म्हणाली, "मले अकरा ते एक द्या."

"काय अकरा ते एक?"

"दुपारी हॉल रिकामा राह्यते. दीड महिन्यात त्या टायमाले एक पोरगं आलं नाई, मी मोजलं. मले तो टाइम बायांसाठी द्या."

अल्ताफ एवढ्या दुःखातही हसला. "भाभी, ब्रह्मपुरीच्या बाया पॅन्ट घालून मशीन मारतील?"

"पॅन्ट कोन म्हटलं? पहाटे पाच वाजता वडसा रोडनं पाह्य जाऊन. डॉक्टरनं शुगर सांगितली म्हनून बाया फिरतात अंधारात, मागून ट्रक आला की नालीत उतरतात. बावीस मोजल्या मी परवा."

लियाकतभाऊंनी तिच्याकडे पाहिलं. म्हणाले, "घे. पन अल्ताफ संग जाईल, पुसून ये घरोघर. मागून मले बोल नको लावू."

म्हणून सर्व्हे पुन्हा झाला. चार दिवस दोघं फिरले. अल्ताफ फाटकाबाहेर वही घेऊन उभा, सुलताना दारात. पाचव्या दिवशी त्याने माझ्यासमोर बेरीज वाचली. त्रेचाळीस घरं. "नाही" एकोणचाळीस. "पाहू" तीन. "हो" एक.

"ती एक कोण?" मी विचारलं.

"तुम्हीच तं आहा बाई," तो म्हणाला. "भाभी, आता बंद करा हे."

सुलतानाने स्वतःचा एक कागद काढला. त्यावर एकच आकडा होता, एकतीस. "एकोणचाळीस जनी नाई म्हटल्या. त्यातल्या आठ नाई म्हनून दार लावून घेतल्या. एकतीस जनींनी नाई म्हटल्यावर मले काहीतरी पुसलं. कोनी पुसलं टाइम काय. कोनी म्हटलं खिडकीतून दिसते काय. एकीनं म्हटलं, जिना चहावाल्याच्या समोरून आहे काय. जिले यायचंच नाई, तिले जिन्याशी काय करायचं? सासू मागं उभी होती म्हनून हो नाई म्हटलं. तू जबाब मोजला, मी सवाल मोजले."

मग कामाला लागली. हॉलला मागून एक जिना होता, तो झाडून उघडला. जिन्याच्या तळाशी खोली होती, तिथे आपलं मशीन आणून ठेवलं आणि पाटी लावली: "फॉल-पिको करून मिळेल". घरून निघताना बाईला काहीतरी सांगावं लागतं, ती सोय. खिडक्यांचं काय करायचं? त्याला मात्र मी होते. माझ्या जुन्या कंपनीचा एक रंगवलेला पडदा माझ्या माळ्यावर होता, राजवाड्याचा, खांब, झुंबर, दोन मोर. मी तो उतरवला. लियाकतभाऊंनी सळ्या ठोकल्या आणि बस स्टँडकडच्या चारही खिडक्या राजवाड्याआड गेल्या. मोराची मान एका ठिकाणी दुमडली होती. असो.

दोन फेब्रुवारी, सोमवार. अकरा वाजले, कोणी नाही. अकरा वीस, कोणी नाही. मी सायकलवर बसून पाय हलवत होते, एकटीच, म्हणजे नाटकात प्रेक्षक नसताना प्रवेश चालू ठेवावा तसं. मग जिन्यावर पावलं वाजली. पिशवीत साडी घेऊन सकाळच्या शाळेची एक मास्तरीण आली. तिच्यामागे दोघी. त्या दिवशी सहा झाल्या. आठवड्याअखेर सतरा. महिना संपला तेव्हा चौतीस. काहींची एकच साडी फॉल-पिकोसाठी पूर्ण उन्हाळा वर-खाली करत होती.

चौथ्या दिवशी भागीरथा आली. शालिकराम ढिवराची बायको, बाजारात मासे विकायची. दुपारी बाजार उठल्यावर टोपली खाली जिन्यात ठेवून वर आली. तिच्या अंगाला मासळीचा वास, त्यामुळे मास्तरीणबाईंनी पदर नाकाला लावला. भागीरथेने ते पाहिलं.

"नाक काऊन झाकता जी? तुमच्या घरी तं दर बुधवारी माह्याच हातचा बोटवा मासा जाते."

सगळ्या हसल्या. मास्तरीणबाईही हसल्या, पण पदर तसाच.

भागीरथेची कंबर धरली होती. वीस किलोची टोपली डोक्यावर वीस वर्षं. सुलतानाने तिला पट्ट्यावर उभं केलं. ती दहा मिनिटं चालली, मग वळून म्हणाली, "काव सुलताना, इतकी चालली मी, घाटापर्यंत झालं असंल. अन् पाह्यते तं इथीच! हे कोनाच्या डोक्यातून निघालं?"

"वजन कमी होते त्यानं."

"मले वजन कमी नाई करायचं, मले कंबर पायजे." मग राजवाड्याकडे पाहून म्हणाली, "राजाच्या घरी एवढ्या बाया, अन् कामाले एक नाई. नुसत्या चालून राह्यल्या."

त्यात भारनियमन. बऱ्याचदा बारा वाजता वीज जायची आणि पट्टा थांबायचा. तेव्हा बाया बसून बोलायच्या. कोणाची शुगर किती, कोणाच्या सुनेने काय केलं. सुलताना म्हणायची, वीज गेली तरी बाई जात नाही, हेही लिहून ठेवण्यासारखं आहे. मार्चच्या मध्यावर रोज चव्वेचाळीस बाया येऊ लागल्या होत्या. एकोणीस आणि चव्वेचाळीस, त्रेसष्ट. अल्ताफ शिट्टी वाजवत फिरायला लागला.

आणि मग नागपूरहून फोन आला. मशीनवाला एकतीसला येतो म्हणाला, फॉर्म तयार ठेवा. नाव, नवऱ्याचं नाव, पत्ता, सही.

सुलतानाने दुसऱ्या दिवशी फॉर्म हॉलमध्ये मांडले. टेबलाजवळ कोणी येईना. मास्तरीणबाई म्हणाल्या, "घरी पिको सांगितलंय गं. कागद कोणाच्या हाती लागला तर?" दुसरी म्हणाली, "फी घे ना, नाव कशाला?"

भागीरथा पुढे झाली. "माह्यं लिव. मले सारा बाजार नावानंच हाका मारते. शालिकरामची बायको कोनीच नाई म्हनत, त्यालेच भागीरथेचा नवरा म्हनतात." आणि अंगठा उठवला.

त्या दिवशी चार फॉर्म भरले. मी दुसरी. मास्तरीणबाई तीन दिवस घुटमळल्या आणि चौथ्या दिवशी घरी नवऱ्याला खरं सांगूनच आल्या. म्हणाल्या, "हसले फक्त. मी उगीच दीड महिना साडी वाहिली." त्यानंतर भराभर सह्या झाल्या. तीस मार्चच्या संध्याकाळी अडतीस फॉर्म होते. पुरुषांचे एकोणीस. सत्तावन्न.

सहा जणींनी सही केली नव्हती. त्या रोज येत, काम करत, फॉर्मच्या टेबलाकडे न पाहता जात.

अल्ताफ फॉर्मचा गठ्ठा पुन्हा पुन्हा मोजत होता. "तीन, भाभी. फक्त तीन. येतात तं सहा. त्यांची नावं मालूम आहेत तुम्हाले. लिहा, मी सही मारतो."

"त्या नाई म्हटल्या."

"तुम्हीच सांगितलं, बाया नाई म्हनतात तं ते तसं नसते म्हनून!"

सुलताना फॉर्मच्या कडा जुळवत होती. "मी असं नाई सांगितलं. दारात त्या नाई म्हटल्या अन् सवाल केला. आता नाई म्हटल्या अन् काहीच नाई पुसलं. एकीनंही नाई. हे नाई खरं आहे."

मला राहवलं नाही. मी म्हटलं, "अगं, मग माझी नावं घे ना! तीस वर्षांत मी किती जणी झाले. तिन्ही नावं नायिकांची देते, सह्याही तीन प्रकारच्या करते." आणि मी मनापासून म्हटलं होतं.

ती हसली, माझा हात हातात घेतला. "बाई, तुम्ही द्याल. पन मग माह्या हिशेबाले काय किंमत राह्यली? उद्या मीच पाह्यीन अन् मलेच कळनार नाई, किती खऱ्या होत्या."

लियाकतभाऊ दारात उभे होते. अल्ताफने त्यांच्याकडे पाहिलं, न्याय मागावा तसं. ते म्हणाले, "तिचा टाइम आहे. तिचा हिशेब." आणि गेले.

दुसऱ्या दिवशी मशीनवाला बरोबर साडेअकराला आला, सोबत दोन हमाल आणि मिनीडोर टेम्पो. वर जायला निघाला तर सुलतानाने पिकोच्या मशीनवरून त्याला थांबवलं.

"एक वाजेपर्यंत वर पुरुष नाई जात."

"अहो, आमची मशीनं आहेत वर!"

"मशीनं तुमची आहेत. बाया आमच्या आहेत. बसा, चहा सांगते."

तो पिकोच्या खोलीत स्टुलावर बसला आणि फॉर्म मोजले. दोनदा मोजले. "सत्तावन्न. बोलणं साठचं होतं."

"हो."

"आणि यातले खरे किती?"

"जिन्यावर चपला आहेत. त्या मोजा."

तो उठला आणि खरंच मोजल्या. एक्केचाळीस जोड होते, शिवाय कोपऱ्यात मासळीची टोपली. परत येऊन बसला. अल्ताफ घाईने बोलायला लागला, "पाह्यलं सर, वर आज एक्केचाळीस, अन् एकोणीस पोरं, झाले साठ!" सुलताना म्हणाली, "एक्केचाळिसांत एक जोड माहा आहे, अन् काहींचे फॉर्म नाईत. सत्तावन्नच धरा." अल्ताफने कपाळावर हात मारून घेतला.

मशीनवाल्याने फॉर्मचा गठ्ठा खाली ठेवला. मग म्हणाला, "आमच्याकडे फॉर्म भरपूर असतात, माणसं नसतात. हे पहिल्यांदाच उलटं पाहतोय." बाहेर जाऊन त्याने बूथवरून नागपूरला फोन केला. परत आला तो अर्धवट हसऱ्या चेहऱ्याने. नागपूरचा त्याचा मालक चार ठेवायला तयार होता. साठ म्हणजे साठ, म्हणून दोन परत न्यायची.

"कोनती दोन?" सुलतानाने विचारलं.

"छातीचं आणि खांद्याचं ठेवतो. महाग आहेत, पोरांना तीच लागतात. पट्टा आणि सायकल नेतो."

"नाई. पट्टा अन् सायकल राहील. छातीचं अन् खांद्याचं न्या."

"भाभी!" अल्ताफ ओरडलाच. "पोरं काय म्हनतील?"

"एकोणिसातले आज सकाळी किती आले?"

त्या सकाळी पाच आले होते.

"पोरांसाठी माह्यं लोखंड आहे," लियाकतभाऊ मागून म्हणाले. "ते वर आनतो. भरती निघाली की तेच मागतात." मशीनवाल्याला काय, महागडी दोन परत मिळत होती. तो लगेच हो म्हणाला.

एक वाजता बाया उतरल्या. भागीरथेने टोपली उचलताना हमालांना वर जाताना पाहिलं आणि विचारलं, "नेऊन राह्यले काय सारं?"

"दोन."

"पट्टा?"

"आहे."

"मंग ठीक आहे," ती म्हणाली आणि गेली.

अल्ताफ आणि लियाकतभाऊंनी हमालांसोबत ती दोन मशीनं मागच्या जिन्याने उतरवली. दुसरं उतरवताना अल्ताफचा अंगठा चेपला. त्याने शिवी दिली, ती कोणाला ते त्याने सांगितलं नाही. पुढे सहा वर्षं तोच ती जिम चालवत होता, आणि कुठल्याही महिन्यात नवं काही काढण्याआधी भाभीला विचारू लागला. बाया पोरांपेक्षा टिकाऊ निघाल्या: त्या चव्वेचाळिसांतल्या एकोणतीस वर्षानंतरही येत होत्या.

एक एप्रिलला मी पावणेअकरालाच गेले. दोन मशीनं गेलेल्या जागी फरशीवर चौकोनी डाग राहिले होते. सुलतानाने तिथे सतरंजी टाकली होती, वीज गेल्यावर बसायला. अकरा वाजून गेले, बाया येत गेल्या. त्या सहा जणीही आल्या, एकेक करून, टेबलाकडे पाहत. टेबलावर फॉर्म नव्हते. सुलतानाने त्यांना काही विचारलं नाही. त्यांतली एक पट्ट्याशी जाऊन उभी राहिली, मग मागे वळून म्हणाली, "आज माझा नंबर आधी का गं?"

"तुझाच आहे," सुलताना म्हणाली आणि बटण दाबलं.